450 रुपयांचा किचन काटा, पोह्यांपेक्षा दप्तरच जास्त मोजलं

खरं सांगायचं तर केक-बिकच्या नावाखाली घेतला हा काटा. बोहरी आळीत 450 ला मिळाला, 10 किलोपर्यंत जातो, 1 ग्रॅमचा फरक दाखवतो असं खोक्यावर लिहिलंय, दोन पेन्सिल सेल लागतात. दुकानदारकाकांना वॉरंटी विचारली तर म्हणे "चालतोय तोवर चालतोय, ताई". बरं.

घरी आल्यावर आधी खरं-खोटं बघितलं. 10 रुपयाचं नाणं साधारण 7.7 ग्रॅमचं असतं, सुट्ट्यांच्या डब्यातली दहा नाणी एकदम ठेवली, 77 आले. पास. पण यावर वाण्याचं माप तपासून भांडायला जाऊ नका, वैधमापनचा (सरकारी वजनमाप खात्याचा) शिक्का यावर नसतो.

आता तक्रार. लेक पाचवीत आहे, भागाकार म्हटलं की तोंड वाकडं, म्हणून म्हटलं एका शेंगदाण्याचं वजन काढ, तर ती एकेक दाणा टाकत बसली आणि काटा 0 वर ढिम्म. स्वस्त काट्यांचं हे असंच, वजन अगदी थोडं थोडं वाढलं की त्याला वाटतं झिरोच हललाय, आणि तो परत 0 वर आणून ठेवतो. एकदम ओतले की नीट दाखवतो. मग वाटी ठेवून टेअर दाबलं (भांड्याचं वजन सोडून काटा 0 वर आणणारं बटण), 125 दाणे मोजून ओतले, 65 ग्रॅम. 65 ला 125 ने भाग जात नाही, वर शून्य, पॉइंट, 650 केले, पाचाने 625, बाकी 25, शून्य उतरवलं, दोनाने 250, संपलं. एक दाणा 0.52 ग्रॅमचा. बाकी शून्य आल्याचा आनंद एवढा की निम्मे दाणे तिथेच खाल्ले.

मग दप्तर. ते सरळ ठेवता येत नाही कारण डिस्प्ले पुढेच आहे आणि दप्तर त्याच्यावर लोळतं, शेवटी पातेलं पालथं घालून टेअर केलं आणि त्यावर ठेवलं, 3600 ग्रॅम! केंद्र सरकारच्या 2020 च्या स्कूल बॅग पॉलिसीत दप्तर मुलाच्या वजनाच्या 10 टक्क्यांपेक्षा जड नको असं म्हटलंय. टक्केवारी अजून शाळेत झाली नाही, म्हणून तिला सांगितलं की तुझ्या वजनात दप्तर किती वेळा बसतं बघ, दहा वेळा तरी बसायला हवं. ही 27 किलोची, आधी 27 लाच 3600 ने भागायला निघाली (किलो-ग्रॅमचा घोळ आमच्याकडे ठरलेला), मग 27000 केले, साताने 25200, बाकी 1800, म्हणजे साडेसातच. पाण्याची बाटली ओतून रिकामी केली, 750 मिली म्हणजे 750 ग्रॅम तिथेच गेले, शाळेत फिल्टर आहे की. आता 2850, नवाने 25650, बाकी 1350. अजून 150 ग्रॅम काढायचे होते. पत्र्याची कंपासपेटी एकटीच 180 भरली, मी नुसतं बघितलं तर बाईसाहेबांनी ती पाठीमागे लपवली.

पाचपैकी चार स्टार, एक डिस्प्लेच्या जागेसाठी कापला. आणि सेल वेगळे घ्या, खोक्यात नसतात.