बेथलेम म्युझियम ऑफ द माइंड, बेकनहॅम (लंडन): अर्धा दिवस काढून नक्की जा

लंडनला येणाऱ्या आपल्या लोकांची यादी ठरलेली असते, लंडन आय, मादाम तुसाद, लॉर्ड्स, बाबासाहेबांचं किंग हेन्रीज रोडवरचं घर, आणि ती सगळी ठिकाणं करावीतच, पण माझ्याकडे जो येतो त्याला मी सांगते की एक अर्धा दिवस बाजूला ठेव आणि बेकनहॅमला बेथलेम हॉस्पिटलच्या आवारातलं म्युझियम बघून ये. प्रवेश फुकट आहे, गर्दी जवळपास नसते, आणि वेड्यांचं हॉस्पिटल म्हटल्यावर आपल्या डोक्यात जे काही येतं ते तिथून बाहेर पडताना तसंच राहत नाही. आमच्या घरात एका अगदी जवळच्या माणसाला मानसिक आजार आहे, त्यामुळे मी या विषयावर तटस्थपणे लिहू शकत नाही आणि लिहायचंही नाहीये.

हे तेच हॉस्पिटल, ज्याला जग बेडलम म्हणून ओळखतं. १२४७ साली धार्मिक मठ म्हणून सुरू झालं, आज जिथे लिव्हरपूल स्ट्रीट स्टेशन आहे त्या जागी. १४०३ साली तिथे सरकारी तपासणी झाली, त्या नोंदीत सहा रुग्ण सापडतात आणि सोबत सामानाची यादी आहे, ११ साखळ्या, ६ कुलुपं, बेड्यांच्या ४ जोड्या आणि पाय अडकवायच्या खोड्याच्या २ जोड्या. सहा माणसांना एवढं लोखंड! मग १६७६ मध्ये लंडनमध्येच मूरफिल्ड्सला राजवाड्यासारखी इमारत बांधली, ती रॉबर्ट हूकने, हो तोच, शाळेत स्प्रिंगचा नियम पाठ केला तो हूक. १८१५ ला सदर्कला गेलं, त्या इमारतीचा मधला भाग म्हणजे आजचं इम्पिरियल वॉर म्युझियम, तोफा बघायला जातो ना आपण तेच. आणि १९३० पासून इथे बेकनहॅमला. हॉस्पिटल अजून चालू आहे हे लक्षात ठेवा, बाहेर हिरवळीवर फिरणारी माणसं तिथे उपचार घेत असू शकतात, तेव्हा आवारात मोबाईल काढून माणसांचे फोटो काढत सुटू नका प्लीज.

आत शिरल्या शिरल्या जिन्याच्या दोन बाजूंना दोन मोठे दगडी पुतळे आडवे पडलेले दिसतात. सिबर नावाच्या शिल्पकाराने केलेले, मूरफिल्ड्सच्या फाटकावर बसवले होते. एक उन्मादाचा, एक उदासीचा. उन्मादवाल्याच्या हाताला साखळी आहे, मुठी आवळलेल्या, मान मागे टाकलेली, तोंड उघडं, सगळे स्नायू ताणलेले. दुसऱ्याला साखळीबिखळी काही नाही, तो नुसता पडलाय आणि त्याच्या नजरेत काहीच नाही. दोघांच्या अंगाखाली विणलेली चटई कोरलीये, तिची वीण सुद्धा दिसते जवळून. लोक पहिल्यापाशी थांबतात कारण तो भयंकर दिसतो, मी मात्र दुसऱ्यापाशी जास्त वेळ उभी राहते, डिप्रेशनमधला माणूस ज्याने घरात बघितलाय त्याला तो चेहरा लगेच ओळखू येईल.

फाटकातून आत जाणाऱ्यांत रुग्ण आणि नातेवाईकच नव्हते, फिरायला आलेली माणसंही असायची. १७७० पर्यंत कोणीही आत जाऊन रुग्ण बघू शकायचं आणि दानपेटीत पैसे टाकायचं. म्युझियमच्या संग्रहात त्या काळातल्या लाकडी रंगवलेल्या दानपेट्या आहेत, माणसाच्या आकृतीच्या. होगार्थ या इंग्रज चित्रकाराच्या १७३५ च्या चित्रमालिकेत शेवटचं चित्र याच हॉस्पिटलचं आहे, त्यात नटून थटून आलेल्या दोन बायका रुग्णांकडे बघत उभ्या आहेत. म्हणजे म्युझियमवाल्यांपुढे प्रश्न केवढा अवघड आहे बघा, जिथे लोक तमाशा बघायला यायचे त्याच संस्थेत आता पुन्हा लोकांना बोलवायचं, पण तमाशा होऊ द्यायचा नाही.

मला वाटतं त्यांना ते जमलंय. कसं, तर वस्तूंच्या आधी माणूस ठेवून. मांडणी सालवार नाहीये, विषयवार आहे, आजाराचं निदान, स्वातंत्र्य आणि बंधन, उपचाराने बरं होतं की इजा होते, बरं होणं म्हणजे नक्की काय, असे भाग. त्यामुळे इतिहास ओळीने हवा असेल तर थोडं गोंधळायला होतं, घरून वाचून गेलात तर बरं. पण फायदा असा की जुन्या बेड्या आणि आजच्या गोळ्या एकाच प्रश्नाखाली येतात, आपण 'ते जुने लोक किती क्रूर' म्हणून सुटत नाही.

जेम्स नॉरिसची गोष्ट इथे येतेच. अमेरिकन खलाशी, इथला रुग्ण. १८१४ मध्ये एडवर्ड वेकफिल्ड नावाच्या गृहस्थाला तो सापडला तेव्हा त्याच्या गळ्यात लोखंडी कडं होतं, ते साखळीने भिंतीलगतच्या उभ्या दांड्याला अडकवलेलं, कमरेला लोखंडी पट्टा, आणि हे असं दहा वर्षांच्या वर चाललेलं. त्याचं चित्र काढलं गेलं, छापलं गेलं, गदारोळ झाला आणि १८१५ मध्ये पार्लमेंटच्या समितीने चौकशी केली. तिथले मुख्य डॉक्टर थॉमस मन्रो, त्यांच्या घराण्यात चार पिढ्या ही नोकरी होती, त्यांनी समितीपुढे सांगितलं की बेड्या गरिबांनाच घालतात, सभ्य गृहस्थाला घातल्या तर त्याला आवडणार नाही. मला हे वाक्य साखळीपेक्षा जास्त लागलं. नॉरिसला सोडवलं खरं पण तो फार जगला नाही.

फोटोंपाशी नीट थांबा. १८५० च्या दशकात हेन्री हेरिंग नावाच्या फोटोग्राफरने इथल्या रुग्णांचे फोटो काढले, काहींचे आजारात एक आणि बरं झाल्यावर एक. एका बाईच्या आजारातल्या फोटोत केस विस्कटलेले, कपडे कसेतरी, आणि बरं झाल्यावर केस विंचरलेले, शाल नीट. त्या बाईला कोणी विचारलं होतं का फोटो काढू का म्हणून, आणि आज आपण तो बघावा का, हा प्रश्न तिथे उभं राहिल्यावर पडतोच.

आणि मांजरं! लुई वेन हा त्या काळचा लाडका चित्रकार, मांजरांचा, १९२५ ते १९३० या हॉस्पिटलात होता. त्याची आठ मांजरं ओळीने लावून 'बघा स्किझोफ्रेनिया वाढत गेला तसं मांजर कसं फुटत गेलं' असं अनेक वर्षं पुस्तकांत छापत होते, व्हॉट्सॲपवर पण फिरतं अधूनमधून. तर त्या चित्रांवर तारखाच नाहीत. तो क्रम वॉल्टर मॅक्ले नावाच्या डॉक्टरने १९३० च्या दशकात स्वतःच्या अंदाजाने लावला. रंगीत नक्षीदार मांजर काढणारा माणूस त्याच दिवसांत साधंसुधं मांजरही काढू शकत असेल, पण आजारी म्हटल्यावर त्याची कलासुद्धा लोकांनी आजाराचं लक्षण करून टाकली. रिचर्ड डॅडचंही तसंच, वडिलांचा खून केलेला चित्रकार एवढीच ओळख सांगतात, आणि याच हॉस्पिटलात वीस वर्षं त्याने केलेलं बारीक काम मागे पडतं. इथे चित्रं चित्रं म्हणून लावतात, हे मला फार आवडतं. संग्रह जागेपेक्षा मोठा आहे त्यामुळे चित्रं बदलत राहतात, अमुक एक दिसेलच असं धरून जाऊ नका.

अमेरिकेतलं एक उदाहरण मला इथे नेहमी आठवतं. न्यूयॉर्क राज्यातलं विलर्ड हॉस्पिटल १९९५ मध्ये बंद झालं तेव्हा माळ्यावर रुग्णांच्या साधारण ४०० सुटकेसा सापडल्या, भरती होताना आणलेल्या आणि नंतर कधी मालकाकडे परत न गेलेल्या. २००४ मध्ये त्यांचं प्रदर्शन झालं. एखाद्या पेटीतली पत्रं, कपडे, देवाची पुस्तकं बघितली की पेशंट हा शब्दच गळून पडतो.

आता आपल्याकडचं. मुंबईत कोणी जरा वेगळं वागलं की 'ठाण्याला पाठवा', पुण्यात 'येरवड्याला', कोकणात 'रत्नागिरीला'. ठाण्याचं हॉस्पिटल १९०१ चं, रत्नागिरीचं १८८६ चं, दोन्ही इंग्रजांच्या काळातली, १८५८ च्या त्यांच्या वेड्यांच्या इस्पितळांच्या कायद्याखाली उभी राहिलेली. पुढचा १९१२ चा कायदा तर १९८७ चा कायदा येईपर्यंत चालला. आणि साखळ्या जुन्या काळातल्या म्हणाव्या तर २००१ मध्ये तामिळनाडूत एरवाडीला मनोरुग्णांना ठेवायच्या जागेला आग लागली तेव्हा २८ माणसं मेली, साखळीने बांधलेली होती म्हणून पळता आलं नाही. रुग्णाला साखळीने बांधायचं नाही हे आपल्या कायद्यात स्पष्ट लिहिलं गेलं ते २०१७ ला. मला मनापासून वाटतं की ठाण्यात किंवा रत्नागिरीत एका जुन्या वॉर्डात असं म्युझियम व्हावं, दोन खोल्या का असेना, त्यात रुग्णांनी विणलेलं, रंगवलेलं, लिहिलेलं असावं, नावं लपवून, त्यांची परवानगी घेऊन, आणि भरती होताना नातेवाईकांनी काय सांगितलं तेही असावं. शाळेच्या सहली न्याव्यात तिकडे.

जायचं कसं, तर चेअरिंग क्रॉस किंवा लंडन ब्रिजवरून हेजला जाणारी ट्रेन पकडा, ईडन पार्कला उतरा, पुढे वीसेक मिनिटं चाला. आठवड्याचे सगळे दिवस उघडं नसतं, वेबसाईटवर बघूनच निघा. दीड दोन तास पुरतात. लहान मुलांना कंटाळा येईल, आठवी नववीच्या पुढच्यांना जरूर न्या. घरात कोणाचा आजार ताजा असेल तर एकटं जाऊ नका, बरोबर बोलायला माणूस असू द्या, काही भाग जड जातो. खालच्या मजल्यावर बेथलेम गॅलरी आहे, तिथे हॉस्पिटलमधल्या आजच्या आणि पूर्वीच्या रुग्ण-कलाकारांचं काम लावतात, तिच्या वेळा वेगळ्या असू शकतात, त्या पण आधी बघून ठेवा आणि शक्यतो दोन्ही उघडं असेल तो दिवस धरा.