दडणारी शाई की मुरणारी शाई? काल्पनिक राज्यासाठी निवड करताना

काल्पनिक राज्य रचणाऱ्याला कधी ना कधी जादूची शाई लागतेच. माझ्या कादंबरीतही ती लागली आणि समोर दोन वाटा होत्या. एक, ऊब लागली की उमटणारी अदृश्य शाई. दुसरी, हिरड्याच्या काढ्यात हिराकस, म्हणजे लोहाचा क्षार, घालून होते ती, हळूहळू काळी पडणारी शाई. दोन्ही खऱ्या जगातल्या, त्यामुळे जादूला आयता आधार मिळतो. 

अदृश्य शाईची भुरळ मलाही पडली होती. लिंबाचा रस लागलेला भाग बाकीच्या कागदाआधी करपतो, म्हणून दिव्यावर धरताच तपकिरी अक्षरं वर येतात. कोबाल्ट क्लोराइडची शाई तर याहून सुंदर. उबेने निळी होते आणि हवेतला ओलावा शोषला की फिकट गुलाबी, जवळजवळ दिसेनाशी. 18व्या शतकात युरोपात अशा शायांनी हिवाळ्याची चित्रं काढत. शेकोटीजवळ नेली की उघडी झाडं पालवायची. तुमचं राज्य कोकणासारखं पावसाळी असेल, तर चार महिने ही शाई उमटली तरी फार वेळ टिकणार नाही. त्यातूनही कथानक निघू शकतं.

पण हिच्यापायी लिहिताना जो त्रास झाला, त्यानेच माझा निर्णय केला. शाई अदृश्य आहे हे वाचकाला एकदा कळलं, की राज्यातला प्रत्येक कोरा कागद संशयित ठरतो. सेनापतीच्या तंबूत कोरा कागद सापडला तर तो दिव्यावर का धरत नाहीत? पत्राच्या दोन ओळींमधली जागा कुणी का तपासत नाही? मग दर प्रकरणात पहारेकऱ्यांना थोडं मंद ठेवावं लागतं, नाहीतर दिवा विझवण्यासाठी वारा आणावा लागतो. जादू कथेला पुढे नेण्याऐवजी मीच तिची राखण करत बसलो होतो. शिवाय मजकूर एकदा उमटला की शाईचं काम संपतं. पुढे तो साधा निरोपच.

हिराकसाच्या शाईत हा प्रश्नच येत नाही, कारण ती काही लपवत नाही. मी ती घरी करून पाहिली: हिरड्याची पूड उकळून गाळली, हिराकस घातलं, थोडा बाभळीचा डिंक. बोरूने लिहिलं तेव्हा अक्षर राखाडी होतं. संध्याकाळपर्यंत ते काळंभोर झालं. हवेतल्या ऑक्सिजनने हिराकसातलं लोह आणि हिरड्यातलं टॅनिन (तुरट द्रव्य) यांचा काळा रंग तयार होतो आणि तो कागदाच्या तंतूंत मुरतो. काजळाची शाई नुसती पृष्ठभागावर बसते, म्हणून ओल्या बोळ्याने पुसट करता येते. हिचं तसं नाही. युरोपात शतकानुशतकं करार आणि दस्तऐवज याच जातीच्या शाईने लिहिले गेले. अमेरिकेचा स्वातंत्र्याचा जाहीरनामाही.

आणि ही शाई किंमत वसूल करते. तिच्यातलं आम्ल आणि जास्तीचं लोह कागद खातं. जर्मन संगीतकार बाखची स्वहस्ते लिहिलेली संगीताची पानं काही ठिकाणी याच कारणाने स्वरचिन्हांपाशी फाटली, बर्लिनच्या ग्रंथालयाला ती वाचवण्यासाठी मोठी खटपट करावी लागली. हे वाचलं आणि माझ्या राज्याचा कायदाच सुचला: शपथ याच शाईने लिहायची. पाळली तर अक्षर गडद होत जातं, मोडली तर शाई कागद खात सुटते आणि शब्दाच्या जागी भोक पडतं. खोटी शपथ घेणाऱ्याला पकडायला पहारेकरी नको, कपाटातला कागद पुरतो.

उणं आहेच. ही शाई संथ आहे. एका रात्रीत संपणारी गोष्ट असेल, लहान मुलांसाठी लिहीत असाल किंवा हेरकथाच करायची असेल, तर दिव्याची शाई बहुधा जास्त कामी येईल. तो झटका हिच्याकडून मिळणार नाही. पण कथा दोन-तीन पिढ्यांची असेल आणि राज्यात करार, वारसा, वचनं यांना वजन असेल, तर माझ्या मते हिरड्याकडेच वळावं. ठरवण्याआधी थोडी शाई करून पाहा. फक्त फाउंटन पेनात भरू नका, पेन जाईल. बोरू घ्या.