वाड्याचा वाद: आधी ठाणं की आधी कोर्ट?

इंदूरच्या रामबागेतला जुना वाडा, वडिलांच्या माघारी तिघा भावंडांची नावं, आणि थोरला म्हणतो, "सोमवारी मजूर लावून तुझ्या खोल्या पाडतो." धाकट्याला पहिलं आठवतं ते पोलीस ठाणं. आठवू दे, पण ठाण्यात काय मिळतं नि काय नाही, हे आधी कळलेलं बरं.

अंगावर येण्याची भीती असेल तर ठाणंच. ऐन वेळी ११२ फिरवा. एरवी टीआयच्या, म्हणजे ठाण्याच्या प्रमुखाच्या, नावे आवेदन द्या, पण त्यात नुसतं "जिवाला धोका आहे" लिहून भागत नाही. कोण, कोणत्या तारखेला, कोणासमोर, नेमकं काय बोलला, ते त्याच्याच शब्दांत लिहा. दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का आणि तारीख घेतल्याशिवाय बाकावरून उठू नका. साध्या शिवीगाळीला 'अदम चेक', म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, लिहून देतात. तो कागद जपा, पुढे कोर्टात तारखेला तोच साक्ष देतो.

पोलिसांच्या हातातलं खरं हत्यार म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १२६, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १०७. यात समोरच्याला शांतता राखण्याच्या बाँडवर बांधता येतं, जास्तीत जास्त एक वर्ष. गोम अशी की बरेचदा दोन्ही बाजू बांधल्या जातात. तक्रार तुमची असली तरी नोटीस तुम्हालाही येऊ शकते. आणि खोल्या कोणाच्या हा प्रश्न निघाला की उत्तर ठरलेलं: "ये तो सिविल मॅटर है." चिडू नका, मालकी ठरवणं खरंच त्यांचं काम नाही.

ते काम दिवाणी कोर्टाचं. वाटणीचा दावा लावून सोबत तात्पुरत्या मनाई हुकुमाचा अर्ज द्यायचा. सहहिस्सेदाराला घरात पाऊलच ठेवू देऊ नका, असा हुकूम सहसा मिळत नाही. पाडापाडी करू नये, तिसऱ्याला विकू नये, असा मिळू शकतो. तो मोडला तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे, आणि अंमलबजावणीला पोलीस द्या, असं कोर्टालाच सांगता येतं. कोर्टाचा कागद हातात असला की ठाण्यातली भाषा बदलते. वकील, फी, तारखा हा जाच आहेच.

बाहेर काढलंच असेल तर घड्याळ बघा. विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा केला तर मालकी सिद्ध न करता ताबा परत मागता येतो. एम. जी. रोडवरच्या हायकोर्टात थेट रिट, म्हणजे पोलिसांना आदेश द्या अशी याचिका, लावायचा सल्लाही मिळेल; पण पोलिसांकडे दिलेलं आवेदन दाखवता आलं नाही, किंवा वाद मुळात मालकीचाच निघाला, तर तिथून बहुधा दिवाणी कोर्टाचाच रस्ता दाखवतात. घरात म्हातारे आईवडील असतील तर २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याखाली एसडीएमकडे (उपविभागीय दंडाधिकारी), आणि सुनेला बाहेर काढत असतील तर २००५ च्या घरगुती हिंसाचार कायद्याखाली मॅजिस्ट्रेटकडे जाणं जास्त सरळ.

माझ्या मते भीती आज रात्रीची असेल तर ठाणं, सोमवारच्या मजुरांची असेल तर कोर्ट. दोन्हीकडे एकदम जायलाही कोणी अडवत नाही. वकिलाकडे जाताना तुमच्या नावाचं विजेचं बिल, नगर निगमच्या मालमत्ता कराच्या पावत्या आणि सामानासकट खोल्यांचे ताजे फोटो घेऊन जा. फोटो आजच काढा.