दरबार साहिबच्या इतिहासावरची चार पुस्तके : नऊ महिन्यांच्या वाचनानंतर

गेल्या हिवाळ्यात अमृतसरला चार दिवस जाण्याचे ठरले, तेव्हा निघण्यापूर्वी सुवर्णमंदिराविषयी, म्हणजे दरबार साहिबविषयी, नीट वाचून जावे म्हणून शोध सुरू केला. माझ्या हाती लागलेले मराठी लेखन एक तर प्रवासवर्णनातल्या एखाद्या प्रकरणापुरते होते किंवा थेट जून १९८४ मधल्या तिथल्या लष्करी कारवाईपासून सुरू होत होते. त्यामुळे शेवटी इंग्रजीतली चार पुस्तके जमवली : मदनजीत कौर यांचे ‘द गोल्डन टेंपल : पास्ट अँड प्रेझेंट’, खुशवंतसिंग यांचा दोन खंडांतला ‘अ हिस्टरी ऑफ द सिख्स’, मार्क टली आणि सतीश जेकब यांचे ‘अमृतसर : मिसेस गांधीज लास्ट बॅटल’ आणि निवृत्त लेफ्टनंट जनरल कुलदीपसिंग ब्रार यांचे ‘ऑपरेशन ब्लू स्टार : द ट्रू स्टोरी’. प्रवासाआधी ती घाईने चाळली आणि परतल्यावर गेले नऊ महिने पुन्हा सावकाश वाचली. पहिल्या आणि दुसऱ्या वाचनात माझी मते इतकी बदलली, की ती लिहून ठेवावीत असे वाटले.

पहिल्या वाचनात मी सरळ विभागणी केली होती. मदनजीत कौर आणि खुशवंतसिंगांचा पहिला खंड धर्मासाठी, उरलेले सगळे राजकारणासाठी. ही विभागणी अमृतसरला पहिल्याच रात्री मोडली. रात्री उशिरा गुरू ग्रंथसाहिब पालखीतून हरिमंदिराबाहेर, म्हणजे सरोवराच्या मधोमध असलेल्या मुख्य मंदिराबाहेर आणतात, सरोवरावरच्या पुलावरून दर्शनी ड्योढीतून (पुलाच्या प्रवेशद्वारातून) नेतात आणि समोरच्या अकाल तख्तात विश्रांतीसाठी ठेवतात. पहाटे पालखी पुन्हा हरिमंदिरात येते. ज्या तख्ताकडे मी राजकारणाची इमारत म्हणून पाहत होतो, त्याच तख्तात ग्रंथ रोज रात्री वस्तीला असतो. गुरू अर्जनदेवांनी १६०४ मध्ये हरिमंदिरात आदिग्रंथाची, म्हणजे गुरू ग्रंथसाहिबाच्या मूळ रूपाची, स्थापना केली, १६०६ मध्ये जहांगीरच्या काळात लाहोरला त्यांचा छळ करून प्राण घेण्यात आले, आणि त्यानंतर त्यांचे पुत्र गुरू हरगोविंद यांनी मीरी आणि पीरी, म्हणजे ऐहिक सत्ता आणि आध्यात्मिक अधिकार, अशा दोन तलवारी धारण करून हरिमंदिरासमोर तख्त उभे केले. इतक्या थोड्या वर्षांच्या अंतराने उभ्या राहिलेल्या या जोडीतली एकच इमारत समजावून सांगणारे पुस्तक अर्धेच राहते, हे मला तिथे उभे राहिल्यावर कळले.

परतल्यावर मी प्रत्येक पुस्तकाला एकच प्रश्न विचारायचा असे ठरवले : त्या त्या काळात या स्थानाची किल्ली कोणाच्या हाती होती, आणि ती कशी फिरली? प्रश्न कोरडा वाटतो, पण त्याने चारही पुस्तकांची परीक्षा चांगली झाली.

या परीक्षेत मदनजीत कौर यांचे पुस्तक सर्वांत वर आले. अमृतसरच्या गुरू नानक देव विद्यापीठाने १९८३ मध्ये ते प्रसिद्ध केले. अभ्यासग्रंथाची भाषा, वेग मंद, टिपा भरपूर, आणि पहिल्या वाचनात मी त्यातली कारभाराची पाने सरळ उलटून पुढे गेलो होतो. खरा ऐवज तिथेच होता. सतराव्या शतकात गुरू हरगोविंद अमृतसर सोडून गेल्यावर हे स्थान गुरू अर्जनदेवांचे थोरले भाऊ पृथीचंद यांच्या वंशजांकडे गेले, आणि १६६४ मध्ये नववे गुरू तेगबहादूर दर्शनाला आले तेव्हा त्यांनाच दारे बंद मिळाली. पुढे गुरू गोविंदसिंगांनी भाई मणिसिंग यांना तिथे पाठवले. मुघल सुभेदारांच्या काळात मस्सा रंघड याने हरिमंदिरात नाचगाण्याच्या बैठका भरवल्या आणि १७४० मध्ये महताबसिंग व सुखासिंग यांनी त्याला तिथेच ठार केले. १७६२ मध्ये अहमदशाह अब्दालीने ही वास्तू सुरुंगाच्या दारूने उडवून दिली. पानिपत १७६१ चे, त्यामुळे मराठी वाचकाला हे साल वाचताना थांबावेच लागते. १७५८ मध्ये राघोबादादांच्या फौजा लाहोरपर्यंत गेल्या होत्या आणि पानिपतानंतर मराठे उत्तरेतून मागे हटले असताना अब्दालीशी झुंज चालू ठेवण्याचे काम शीख मिसलींनी, म्हणजे सरदारांच्या लढाऊ पथकांनी, केले. आज दिसते ती वास्तू मुख्यतः त्यानंतर जस्सासिंग अहलुवालिया यांच्या पुढाकाराने उभी राहिली, आणि सोन्याचा पत्रा महाराजा रणजितसिंगांच्या काळातला आहे. ‘सुवर्णमंदिर’ हे नाव या सोन्यामुळे रूढ झाले. अमृतसरच्या लोकांच्या तोंडी मात्र मला सतत ‘दरबार साहिब’ ऐकू आले, म्हणून या टिपणात मीही तेच वापरत आहे.

या पुस्तकाची एक विलक्षण गोष्ट त्याच्या नावातच आहे. ‘भूतकाळ आणि वर्तमान’ म्हणून १९८३ मध्ये ज्या वर्तमानाचे वर्णन केले, ते पुढच्या जूनमध्येच उद्ध्वस्त झाले. अकाल तख्ताची इमारत रणगाड्यांच्या तोफगोळ्यांनी मोडली आणि शीख रेफरन्स लायब्ररी, तिच्यातल्या हस्तलिखितांसह, त्या ठिकाणाहून नाहीशी झाली. त्यातले किती जळले आणि किती इतरत्र नेले गेले, याचा वाद आजही मिटलेला नाही. लेखिकेला पुढचे काही ठाऊक नसताना लिहिलेले हे पुस्तक त्यामुळे आज नकळत एक दस्तऐवज झाले आहे. प्रत मात्र जपून वापरावी लागते. जुन्या पुस्तकांच्या विक्रेत्याकडून घेतलेल्या माझ्या प्रतीची शिवण तिसऱ्या महिन्यात सुटली, आणि आता ती दोरीने बांधून ठेवतो.

खुशवंतसिंगांचे दोन खंड वाचायला सर्वांत सोपे आहेत आणि कोणी एकच पुस्तक मागितले तर मी तेच सुचवीन. पहिला खंड १४६९ ते १८३९, म्हणजे नानकदेवांच्या जन्मापासून रणजितसिंगांच्या मृत्यूपर्यंत, आणि दुसरा त्यानंतरचा. १८४९ मध्ये इंग्रजांनी पंजाब घेतला आणि दरबार साहिबचा कारभार सरकारच्या मर्जीतल्या सरबराहांकडे, म्हणजे व्यवस्थापकांकडे, गेला. १९०५ मध्ये परिक्रमेतल्या हिंदू देवतांच्या मूर्ती हटवल्या गेल्या त्या एका सरबराहाच्याच आज्ञेने, आणि जालियनवाला बागेनंतर जनरल डायरचा सन्मान झाला तोही त्याच अधिकारपदावरून. यानंतर ऑक्टोबर १९२० मधला प्रसंग येतो : ज्यांना खालच्या जातीचे मानले जाई अशा नव्याने दीक्षा घेतलेल्या शिखांनी आणलेला कडाह प्रसाद (शिऱ्याचा प्रसाद) पुजाऱ्यांनी नाकारला, वाद वाढला, तेव्हा ग्रंथसाहिब उघडून कौल घेतला गेला आणि तो त्यांच्या बाजूने निघाला. ‘पंगत’ हा शब्द लंगरच्या वर्णनात प्रत्येक पुस्तक परक्या वाचकाला समजावून सांगते. आपल्याला तो समजावावा लागत नाही, पण आपल्याकडच्या पंगती कशा वेगवेगळ्या बसत हे आठवून तो प्रसंग अधिक बोचतो. त्याच वर्षी १५ नोव्हेंबरला शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक समिती स्थापन झाली.

माझ्या प्रश्नाचे अक्षरशः उत्तरही याच काळात मिळते. नोव्हेंबर १९२१ मध्ये अमृतसरच्या डेप्युटी कमिशनरने दरबार साहिबच्या तोषाखान्याच्या (खजिन्याच्या) किल्ल्या समितीकडून ताब्यात घेतल्या. ‘चाबियां दा मोर्चा’, म्हणजे किल्ल्यांचे आंदोलन, उभा राहिला, शेकडो माणसे तुरुंगात गेली, आणि १९ जानेवारी १९२२ रोजी सरकारला त्या किल्ल्या समितीचे अध्यक्ष बाबा खडकसिंग यांच्या हाती परत द्याव्या लागल्या. गांधीजींनी तार करून हा स्वातंत्र्यलढ्यातला पहिला निर्णायक विजय म्हटला. १९२५ च्या गुरुद्वारा कायद्याने निवडून आलेल्या समितीकडे कारभार गेला. पुढच्या अकाली (शिखांच्या अकाली दलाच्या) राजकारणाचा पैसा, मंच आणि भांडणे यांचा उगम मला या कायद्यात दिसला. या समितीच्या निवडणुका म्हणजे पंजाबच्या राजकारणातली दुसरी विधानसभा आहे, हे न समजता १९८४ वर मत देणाऱ्यांत मीही होतो.

उरलेल्या दोन पुस्तकांविषयी माझे मत सर्वांत जास्त पालटले. टली आणि जेकब यांचे पुस्तक १९८५ चे, घटना ताज्या असतानाचे. शीख अतिरेक्यांचे नेते भिंद्रनवाले १९८२ मध्ये आवारातल्या गुरू नानक निवासात राहायला आले, एप्रिल १९८३ मध्ये उपमहानिरीक्षक अवतारसिंग अटवाल यांची दर्शन घेऊन बाहेर पडताना पायऱ्यांवर हत्या झाली, डिसेंबरमध्ये भिंद्रनवाले अकाल तख्तात गेले. या साऱ्या काळात दिल्ली आणि अकाली नेते काय करत होते, हे ते पत्रकाराच्या नेमकेपणाने सांगतात. सरकारी श्वेतपत्रिकेत लष्कराचे ८३ मृत आणि दुसऱ्या बाजूचे ४९३ असा आकडा आहे. लेखक तो मान्य करत नाहीत, आणि ३ जूनला गुरू अर्जनदेवांचे शहीदी गुरुपर्व असल्याने यात्रेकरूंची गर्दी होती हे लक्षात घेता त्यांची शंका पटते. पहिल्यांदा मला हे पुस्तक पूर्ण वाटले होते. आता वाटते की त्यातली माणसे स्पष्ट दिसतात, पण ज्या जागेसाठी ती भांडतात ती जागा धूसरच राहते.

ब्रार यांनी स्वतः त्या कारवाईचे नेतृत्व केले, आणि ते स्वतः शीख कुटुंबातले. त्यांचे १९९३ चे पुस्तक लष्करी हालचालींसाठी अपरिहार्य आहे. नकाशा शेजारी ठेवून वाचले तर ५ आणि ६ जूनच्या रात्रीतली अडचण कळते, कारण संगमरवरी परिक्रमेत आडोसा जवळजवळ नाही आणि चारही बाजूंनी खोल्या आहेत. पण कारवाई हाच निर्णय का, हा प्रश्न त्यांच्या दृष्टीने संपलेला आहे. कारवाईच्या वेळचे लष्करप्रमुख अरुणकुमार वैद्य यांची १० ऑगस्ट १९८६ रोजी पुण्यात हत्या झाली. पुण्यात वाढलेल्या माझ्या पिढीला त्या दिवशीची शहरातली शांतता आठवते, आणि म्हणून मी हे पुस्तक कधीच पूर्ण तटस्थपणे वाचू शकलो नाही. खुशवंतसिंगांच्या नंतरच्या आवृत्त्यांतली १९८४ वरची पाने याच्या लगेच पुढे वाचावीत. भिंद्रनवाल्यांवर सातत्याने कडक टीका करणाऱ्या या माणसाने कारवाईनंतर आपली पद्मभूषण परत केली होती.

मराठी वाचकाला उपयोगी पडतील अशा दोन गोष्टी. चारही पुस्तकांतले पंजाबी शब्द रोमन लिपीत असल्याने उच्चार कळत नाहीत; मी वहीत देवनागरी यादी केली आणि त्यानंतर वाचन निम्म्या कष्टाचे झाले. ‘कारसेवा’ म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर अयोध्या येते, इथे मात्र तो शब्द सरोवरातला गाळ उपसण्यासारख्या सामुदायिक सेवेसाठी येतो, १९२३ मध्ये झाली तशी. दुसरे असे, की ग्रंथसाहिबात नामदेवांची ६१ पदे आहेत आणि दहावे गुरू १७०८ मध्ये नांदेडला गेले, पण हा धागा या चारपैकी एकाही पुस्तकाचा विषय नाही. त्यासाठी वेगळे वाचन करावे लागेल, आणि मी ते अजून सुरू केलेले नाही.

क्रम विचाराल तर खुशवंतसिंगांचा दुसरा खंड आधी, मग मदनजीत कौर, त्यानंतर टली-जेकब आणि ब्रार लागोपाठ. पुढच्या महिन्यात शेजारचे काका नांदेडच्या हुजूर साहिब गुरुद्वाराला निघाले आहेत. त्यांनी दुसरा खंड मागून नेला आहे, आणि किल्ल्यांच्या प्रकरणात मी ठेवलेली खूणपट्टी काढू नका असे त्यांना बजावले आहे.