स्वतःचा क्यूबसॅट सोडावा, की पोएमवर जागा घ्यावी?

कॉलेजच्या चमूजवळ एक छोटं उपकरण तयार आहे, ते कक्षेत न्यायचंय आणि पैसा एकदाच उभा राहणार आहे. अशा वेळी दोन वाटा दिसतात. एक, स्वतःचा क्यूबसॅट, म्हणजे घनाच्या आकाराचा छोटा उपग्रह, बांधून अनेकांचे उपग्रह एकत्र नेणाऱ्या सामायिक उड्डाणातून सोडायचा. दुसरी, मुख्य उपग्रह सोडून झाल्यावर इस्रोच्या पीएसएलव्ही रॉकेटचा जो चौथा टप्पा कक्षेतच कामाला लावतात, त्या पोएमवर आपलं उपकरण बसवायचं. मी आधी पहिली वाट चाललो, नंतर दुसरी. दोन्हींबद्दल जे लिहितोय ते एका चमूच्या अनुभवातून. तुमचा अनुभव वेगळा असू शकतो.

क्यूबसॅटची ओढ मला पुरेपूर समजते. पुण्याच्या सीओईपी या अभियांत्रिकी महाविद्यालयाचा ‘स्वयम्’ २२ जून २०१६ रोजी पीएसएलव्ही-सी३४ वरून गेला आणि तीन महिन्यांनी, २६ सप्टेंबरला, आयआयटी मुंबईचा ‘प्रथम’ सी३५ वरून. आमच्यातल्या कित्येकांनी त्या दोघांकडे पाहूनच या कामात उडी घेतली. वीज, तापमान, संदेशवहन, दिशा-नियंत्रण, सगळं मुलांनाच सोडवावं लागतं. याहून चांगलं शिक्षण मला तरी माहीत नाही. पाच-साडेपाचशे किलोमीटरवर सोडला तर असा उपग्रह वर्षानुवर्षं फिरतो, हाही मोठा फायदा.

मला नडली ती एकच गोष्ट. सोडल्यानंतर आपला उपग्रह त्या झुंडीतला नेमका कोणता, तेच कळत नाही.

सामायिक उड्डाणात डझनावारी उपग्रह थोड्याथोड्या अंतराने सुटतात. पीएसएलव्ही-सी३७ ने फेब्रुवारी २०१७ मध्ये एकाच खेपेत १०४ सोडले होते. जमिनीवरच्या रडारना ते दिसतात, पण नुसते ठिपके म्हणून. त्यांची नोंद होते ती ऑब्जेक्ट ए, ऑब्जेक्ट बी अशी. कोणता ठिपका कोणाचा, ते ज्याचं त्याने शोधायचं. उपग्रह सेकंदाला साधारण साडेसात किलोमीटर जातो, म्हणजे वेळेच्या अंदाजात १० सेकंद चुकले की ७५ किलोमीटरचा फरक. आमचा पहिला उपग्रह सुटला तेव्हा आम्ही वसतिगृहाच्या गच्चीवर यागी अँटेना हातानेच फिरवत होतो. एक पास, म्हणजे उपग्रह आपल्या आकाशातून जाण्याचा वेळ, जेमतेम आठ-दहा मिनिटांचा. त्यातली निम्मी मिनिटं अँटेना चुकीच्या ठिपक्यामागे जायची. बीकनची, म्हणजे उपग्रह स्वतःहून पाठवत राहतो त्या ओळखीच्या संदेशाची, पुसट रेघ पडद्यावर दिसायची, मग विरायची. डॉप्लरचा, म्हणजे उपग्रहाच्या वेगामुळे बदलत जाणाऱ्या फ्रिक्वेन्सीचा, आलेख काढून एकेका ठिपक्याच्या कक्षेशी ताडून पाहायचो, पण सुरुवातीचे दिवस सगळे ठिपके इतके जवळ असतात की चार-पाच जण सारखेच जुळायचे. खात्रीने आपला म्हणावा असा ठिपका सापडायला आम्हाला सतरा दिवस लागले. तोवर बॅटरीचा व्होल्टेज उतरला होता. पहिल्या आठवड्यात एक साधी आज्ञा पोचली असती, तर हीटर बंद करून तो वाचला असता, असं मला आजही वाटतं. दोष कुणाचाच नव्हता. दाटीवाटीच्या उड्डाणात हे असंच असतं, मग प्रक्षेपक कोणाचाही असो.

पोएमवर हा प्रश्नच उद्भवत नाही. तो अख्खा टप्पा आहे, दुरूनही स्पष्ट दिसणारा आणि इस्रोच्या नजरेखालचा. टाकीभोवती सौर पट्ट्या आहेत, दिशा राखायला सूर्यसंवेदक, चुंबकमापक आणि जायरो आहेत, आणि आपण कुठे आहोत हे तो नाविकवरून, म्हणजे भारताच्या जीपीएससारख्या यंत्रणेवरून, स्वतःच काढतो. पोएम-३ आणि पोएम-४ तर मुख्य काम संपल्यावर ३५० किलोमीटरच्या आसपास खाली आणले होते. तिथे झुंड नव्हती. दुसऱ्या खेपेला आमचं उपकरण पोएमवर होतं. चालू केल्याच्या दुसऱ्याच दिवशी नोंदींची फाइल हातात पडली आणि प्रयोगशाळेत कुणी काही बोललंच नाही, सगळे नुसते पडद्याकडे पाहत राहिले.

पोएमच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. आयुष्य महिन्यांचं. १ जानेवारी २०२४ ला इस्रोच्या एक्स्पोसॅट या क्ष-किरण उपग्रहासोबत गेलेला पोएम-३ मार्चच्या २१ तारखेला वातावरणात शिरून संपला. मागे कचरा राहिला नाही ही चांगलीच गोष्ट, पण ऋतुचक्र टिपायचं असेल तर एवढा अवधी पुरत नाही. कक्षा तुम्ही निवडत नाही. टप्प्याचं तोंड कुठे असेल हेही सगळ्यांच्या सोयीने ठरतं. पोएम-४ वर २४ उपकरणं होती, त्यामुळे आज्ञा पाठवायला आपली पाळी येईपर्यंत थांबावं लागणारच. आणि मुलांना ‘आमचा उपग्रह’ म्हणता येत नाही, याची हळहळ मी स्वतः पाहिली आहे. त्यावर अर्धा उतारा आहे. मुंबईच्या के. जे. सोमय्या तंत्रज्ञान संस्थेने पोएम-३ वर हॅम, म्हणजे हौशी, रेडिओचं उपकरण, बिलीफसॅट-०, पाठवलं होतं. अशी रचना केली तर टप्पा इस्रोचा असला तरी आवाज तुमचा असतो.

प्रक्षेपकाच्या जोखमीचं म्हणाल, तर मे २०२५ मध्ये पीएसएलव्हीच्या सी६१ आणि जानेवारी २०२६ मध्ये सी६२ या दोन्ही मोहिमा तिसऱ्या टप्प्यात अडल्या. तिसरा टप्पा अडला की चौथ्याला कक्षाच मिळत नाही, पोएम तर दूरच. तेव्हा आज अर्ज करणाऱ्याने वेळापत्रक सैल धरावं. मी मात्र एवढ्यावरून पीएसएलव्ही सोडणार नाही.

तुमचा प्रयोग दोन-तीन महिन्यांत आटोपणारा असेल, म्हणजे एखादा नवा संवेदक तपासायचा, एखादी चिप प्रारणात टिकते का पाहायचं, किंवा मुंबईच्या ॲमिटी विद्यापीठाने पोएम-४ वर पालकाच्या पेशी पाठवल्या तसं काही, तर मी पोएमकडे झुकेन. वर्षभर एकाच भूभागावर नजर ठेवायची असेल तर क्यूबसॅटला पर्याय नाही. त्या वाटेने गेलात, तर बीकनची ताकद ठरवताना काटकसर करू नका, आणि उपग्रह लवकर ओळखता यावा म्हणून देशोदेशीच्या हॅम मंडळींना उड्डाणाच्या महिनाभर आधीच फ्रिक्वेन्सी आणि संदेशाची रचना कळवून ठेवा. आम्ही ती उड्डाणानंतर चौथ्या दिवशी कळवली होती.