‘द ग्रेप्स ऑफ रॉथ’ची पेपरबॅक प्रत: वापरानंतरचा अनुभव, बाइंडिंगसकट

घेणार असाल तर आधी पुस्तकाची पाठ बघा. जॉन स्टाइनबेकची कादंबरी, त्याचं १९६२चं नोबेल, ओक्लाहोमातून कॅलिफोर्नियाला निघालेलं जोड कुटुंब, हे सगळ्यांना ठाऊक आहे. मी बोलतेय ते ऑनलाइन सवलतीत घेतलेल्या प्रतीबद्दल. एवढं जाडजूड पुस्तक नुसतं डिंकावर चिकटवलंय, शिलाईचा एक टाका नाही. निम्म्यावर येईपर्यंत मधली पानं हातात यायला लागली. विक्रेत्याला फोटो पाठवले, पावती पाठवली. दर वेळी एकच उत्तर, ‘परतीची मुदत संपली आहे.’ जाड कादंबरी माणूस सवडीनं महिनोन्महिने वाचतो आणि मुदत मोजक्या दिवसांची, म्हणजे दोष दिसायच्या आत मुदत संपणारच. पैसे थोडे असले तरी माझे होते.

त्या चिडीतच सातवं प्रकरण आलं. जुन्या गाड्या विकणारा माणूस. गिअरची खरखर ऐकू येऊ नये म्हणून आत भुसा भरतो, गाडी देताना चांगली बॅटरी काढून मेलेली बसवतो. जमीन गेलेल्या लोकांना निघायचंच असतं, त्यामुळे समोर असेल ती गाडी ते घेतात. गिऱ्हाइकाची अडचण किती पैशांची आहे, हे विकणाऱ्याला नेमकं कळतं. फसवणुकीवर इतकं अचूक लिहिलेलं मी दुसरीकडे वाचलेलं नाही.

तोपर्यंत अशी मधली प्रकरणं मला अडसर वाटत होती. एकूण ३० प्रकरणं, त्यांतल्या १६ मध्ये जोड कुटुंबाची गोष्ट पुढे सरकतच नाही. जोडांचा मुलगा टॉम घरी पोचतोय की नाही याची उत्सुकता, आणि इथे एक कासव रस्ता ओलांडतंय. पण पानं सुटलीच होती, म्हणून ही सोळाही प्रकरणं बाजूला काढून सलग वाचली आणि माझं मत पार बदललं. दुष्काळ, बँक, ट्रॅक्टर, कॅलिफोर्नियाला जाणारा रूट ६६ हा हमरस्ता, सडू दिलेली फळं, पूर, अशी एका सबंध प्रदेशाची हकिगत त्यांत आहे. १९३६मध्ये स्टाइनबेकनं ‘सॅन फ्रान्सिस्को न्यूज’साठी स्थलांतरित शेतमजुरांवर सात लेख लिहिले होते. अशा मजुरांची सरकारी छावणी चालवणाऱ्या टॉम कॉलिन्सबरोबर तो हिंडला, त्याचे अहवाल वाचले. कादंबरी ज्या दोघांना अर्पण केलीय त्यांतला एक हा टॉम कॉलिन्स. ते हिंडणं या प्रकरणांत मुरलंय. कुणी ‘मधली प्रकरणं गाळा’ असा सल्ला दिला तर ऐकू नका.

पंधरावं तर दोनदा वाचा. हमरस्त्यावरच्या खाणावळीत एक फाटका माणूस दोन पोरांना घेऊन येतो आणि दहा सेंटचा पाव मागतो. पाव पंधराचा. तो घासाघीस करत नाही, दहा सेंटपुरता कापून द्या म्हणतो, कारण कॅलिफोर्नियापर्यंतचा हिशोब ठरलेला आहे. आतून स्वयंपाकी ओरडतो, देऊन टाक. चामडी पिशवीतून नाणं काढताना एक सेंट त्याला चिकटून येतो. तो परत टाकणार, इतक्यात पोरं गोळ्यांच्या काउंटरसमोर थिजलेली दिसतात. काउंटरवरची मे नावाची बाई सांगते, एका सेंटला दोन. ती मंडळी गेल्यावर ट्रकवाला तिला सुनावतो, त्या पाच-पाच सेंटच्या होत्या. पै-पै मोजणाऱ्या माणसाचा मान कसा राखावा, ते या दीड-दोन पानांत आहे.

आता पुन्हा प्रतीकडे. स्टाइनबेकनं हे १९३८मध्ये पाचेक महिन्यांत हातानं लिहिलं. टंकलेखन बायकोनं, कॅरलनं केलं आणि शीर्षकही तिनंच सुचवलं, एका जुन्या अमेरिकी युद्धगीतातून. ते गीत पुस्तकात पूर्ण छापायचं, असा त्यानं प्रकाशकाकडे हट्ट धरला आणि १९३९च्या पहिल्या आवृत्तीत मुखपृष्ठामागच्या पानांवर ते छापलं गेलं. माझ्या प्रतीत त्याची एक ओळ नाही. त्याच वर्षी कॅलिफोर्नियाच्या कर्न काउंटीनं आपल्या वाचनालयांतून आणि शाळांतून या पुस्तकावर बंदी घातली होती. त्याचाही उल्लेख नाही. वाचवलेला कागद कुठे गेला कोण जाणे, कारण टाइपही बारीक आहे आणि ओळी आतल्या बाजूला घडीत शिरतात. पान सपाट करायला दाबलं की पाठ आणखी उकलते.

शेवटी बाइंडरकडून शिवून घेतली, कापडी पाठ लावून. घडीत कागद कमी असल्यानं टाका ओळींना टेकलाय, तरी आता पानं सुटत नाहीत. मजुरी धरून हिशोब केला तर जुन्या बाजारात शिवलेली, पुठ्ठा-बांधणीची प्रत याच पैशांत आली असती. तुम्ही तीच शोधा.

आणि कुठलीही आवृत्ती घेतली तरी प्रस्तावना आधी वाचू नका. माझ्या प्रतीत तिच्यात शेवट सांगून टाकलाय. ‘हा शेवट बदल’ अशी संपादक पास्कल कोविचीनं गळ घातली होती आणि स्टाइनबेकनं साफ नकार दिला होता. लेखकानं इतक्या हट्टानं राखलेला शेवट पहिल्या काही पानांतच उघड करणं मला सुटलेल्या पानांहूनही जास्त लागलं.