शब्द नसलेली चित्रपुस्तकं: नऊ महिन्यांचा अनुभव आणि मधल्या घडीची तक्रार

आमच्याकडे शब्द नसलेलं एक चित्रपुस्तक आहे, हरवलेल्या पत्राच्या गोष्टीचं. गेल्या आठवड्यात त्या पत्राच्या पुस्तकाचं अकरावं पान निखळून माझ्या मांडीवर पडलं. नऊ महिन्यांत ते पुस्तक किती वेळा उघडलं गेलं याचा हिशोब नाही. पण लहान मुलांसाठी काढलेलं पुस्तक लहान मुलांच्या हातात टिकू नये, याचा मला फार राग आला. जिथून घेतलं तिथे विचारलं, तर "वापरलेलं पुस्तक बदलून मिळत नाही" एवढंच उत्तर. वापरायचं नसेल तर पुस्तक घ्यायचंच कशाला? त्या रागातच हे लिहायला घेतलं होतं. त्याच संध्याकाळी त्या सुटलेल्या पानाने असं काही दाखवलं की माझं निम्मं मत फिरलं. त्यामुळे लिहिणं अर्धवट ठेवून आज पुन्हा सुरुवातीपासून लिहितेय.

शब्द नसलेली पुस्तकं म्हणजे नुसत्या चित्रांतून गोष्ट सांगणारी पुस्तकं. आमच्याकडे अशी सहा आहेत. मुलगी चार वर्षांची झाली तेव्हा आणली. ती अखंड बोलायची, पण आज काय झालं विचारलं की "काही नाही". गोष्ट सांग म्हटलं की आम्ही वाचून दाखवलेली गोष्ट आमच्याच शब्दांत, आमच्याच सुरात म्हणून दाखवायची. मधेच एक वाक्य विसरली की पुढची सगळी गोष्ट अडायची. तिची स्वतःची गोष्ट तिला सांगता यावी, एवढ्यासाठी हा खटाटोप.

खरं सांगायचं तर पहिल्या दिवशी पैसे वाया गेले असंच वाटलं. बत्तीस पानं चार मिनिटांत संपली. आम्ही घरात पै पै बघून खर्च करणारे, त्यामुळे अक्षर नसलेल्या पुस्तकाला भरल्या पुस्तकाएवढे पैसे का मोजायचे, हा प्रश्न पडलाच. आता उलटा हिशोब मांडते. मजकूर असलेली कितीतरी पुस्तकं आमच्याकडे पाच-सहा वेळा वाचून कपाटात गेली. ही सहा अजून खालीच असतात, कारण दर वेळी त्यातून निघणारी गोष्ट वेगळी असते.

मुलीने सांगितलेली गोष्ट मी वहीत जशीच्या तशी उतरवून ठेवते. पत्राच्या पुस्तकाची पहिली नोंद अशी आहे: "हा माणूस. सायकल. कावळा. इथे पण कावळा. झाड. संपलं." ही नोंद आज वाचताना चूक कुणाची होती ते स्पष्ट दिसतं. मी प्रत्येक पानावर बोट ठेवून "हे काय आहे?" असं विचारत होते. मी नावं विचारली, तिने नावं दिली. मुलांबरोबर पुस्तक कसं बघावं यावर मानसशास्त्रज्ञ ग्रोव्हर व्हाइटहर्स्ट आणि सहकाऱ्यांनी 1988 मध्ये प्रसिद्ध केलेला एक अभ्यास आहे. त्यात आईवडिलांना नेमकं हेच शिकवलं होतं: एका शब्दात उत्तर येईल असे प्रश्न कमी करा, मोकळे प्रश्न विचारा, मूल जे बोलेल त्यात थोडी भर घालून ते परत त्याच्याकडे द्या. एका महिन्यात मुलांच्या बोलण्यात फरक दिसला होता.

मग आम्ही पद्धत बदलली. पहिली फेरी गप्प, कुणीही बोलायचं नाही, नुसती पानं उलटायची. दुसऱ्या फेरीला ती सांगणार. ती अडली तर मी मनात दहापर्यंत मोजायचे. दहा म्हणजे फार असतात हो, करून बघा. जीभ शिवशिवते. पण आठ-नऊच्या सुमाराला तिचं वाक्य यायचं, आणि मी तिसऱ्याच आकड्याला तोंड उघडलं असतं तर ते आलंच नसतं. अगदीच काही आलं नाही तर "इथे काय चाललंय गं?" एवढंच.

आणखी एका माहितीने मला धीर आला. मर्सर मेयर यांचं 1969 चं 'फ्रॉग, व्हेअर आर यू?' हे हरवलेला बेडूक शोधणाऱ्या मुलाच्या गोष्टीचं, 24 चित्रांचं शब्दविरहित पुस्तक भाषेच्या अभ्यासकांनी जगभर वापरलं आहे. रूथ बर्मन आणि डॅन स्लोबिन यांच्या 1994 च्या ग्रंथात इंग्रजी, जर्मन, स्पॅनिश, हिब्रू आणि तुर्की बोलणाऱ्या मुलांनी आणि मोठ्यांनी त्याच चित्रांवरून सांगितलेल्या गोष्टी तपासल्या आहेत. तीन वर्षांची मुलं बहुतेक वेळा समोरच्या चित्रात जे दिसतं तेवढंच सांगतात, मागच्या चित्राशी त्याचा धागा जोडत नाहीत. नऊ वर्षांच्या मुलांच्या सांगण्यात सुरुवातीचा बेडकाचा शोध शेवटपर्यंत टिकतो. म्हणजे "हा माणूस, सायकल, कावळा" ही काही आमच्या घरची अडचण नव्हती. तो जिना आहे आणि ती पहिल्या पायरीवर उभी होती.

तो जिना चढणं वहीत दिसतं, आणि मला सगळ्यात जास्त आनंद त्याचाच आहे. तिसऱ्या आठवड्यात "मग" आला. त्यानंतर महिनाभर नुसता "मग" होता. मग माणूस आला, मग कावळा आला, मग पत्र पडलं, मग झाड. माझे कान किटले, एकदोनदा मी टोकलंही. टोकलं की ती गप्प व्हायची, म्हणून ते सोडून दिलं. दोन महिन्यांनी क्रियापदं एकमेकांत ओवायला लागली: "कावळा पत्र घेऊन झाडावर जाऊन बसला." एका वाक्यात तीन कामं! मराठीत हा 'ऊन' केवढा कामाचा आहे हे तिच्याकडून ऐकेपर्यंत माझ्या कधी लक्षातच आलं नव्हतं. हळूहळू "बसलाय, चाललाय" जाऊन "बसला, गेला, म्हणाला" आलं. म्हणजे चित्राचं वर्णन संपून घडून गेलेली गोष्ट सुरू झाली.

"तेवढ्यात" हा शब्द आजीकडून आला. आजीला बारीक अक्षर दिसत नाही, त्यामुळे गोष्टीची पुस्तकं वाचून दाखवायला ती टाळायची. या पुस्तकांत अक्षरच नाही म्हटल्यावर तिने बैठक मारली. चार मिनिटांचं पुस्तक तिने वीस मिनिटं सांगितलं. कावळ्याला आवाज दिला, घर दिलं, घरात रुसलेली बहीण दिली. मुलगी म्हणाली, "आजी, अगं पण चित्रात बहीण नाहीये." आजी म्हणाली, "चित्राच्या बाहेर बसलीय. रुसलीय ना." त्यानंतर पान उलटण्याआधी हात पानावर दाबून, डोळे मोठे करून आजी म्हणायची, "तेवढ्यात..." आणि मग पान. चार दिवसांनी मुलगीही तसाच हात दाबून "तेवढ्यात" म्हणाली. तो तळवा आणि तो शब्द मी विसरणार नाही. गोष्ट दोन पानांच्या मधे घडते, हे तिच्या हाताला कळलं होतं.

आता तक्रार. सहापैकी चार पुस्तकांत महत्त्वाचं चित्र बरोबर मधल्या घडीत, म्हणजे समोरासमोरची दोन पानं जिथे जुळतात तिथे, गेलंय. हा बारीकसा दोष आहे असं कुणी म्हणेल. मजकुराच्या पुस्तकात असेलही, कारण चित्रात नाही दिसलं तर शब्द सांगतात. इथे चित्र हाच मजकूर आहे. घडीत गेलेली गोष्ट म्हणजे पुस्तकातून खोडलेलं वाक्य. एका पुस्तकात मुलाचा चेहरा नाकापासून दुभंगलाय. तो हसतोय की रडतोय ते आम्हाला नऊ महिन्यांत कळलेलं नाही, आणि पुढची सगळी गोष्ट त्यावर अवलंबून आहे.

हे टाळता येतं म्हणून जास्त चीड येते. चित्रपुस्तकं बहुतेक 32 पानी असतात, कारण छपाईचा फर्मा, म्हणजे एका मोठ्या कागदाला घड्या घालून होणारा पानांचा जुडगा, 8 किंवा 16 पानांचा. पिना मारलेल्या 32 पानी पुस्तकात 16 आणि 17 ही पानं मुळात एकच सलग कागद असतो, तिथे काही कापलं जात नाही. दोन फर्मे दोऱ्याने शिवलेले असतील तर 8-9 आणि 24-25 ला तशी जागा मिळते. पाठीला नुसता डिंक लावलेल्या पुस्तकात मात्र पानं सुटी कापून चिकटवतात, प्रत्येक पानाची आतली कड डिंकाजवळ दबते आणि पुस्तक सपाट उघडतच नाही. जोर लावून उघडलं की पाठ तडकते आणि पान हातात येतं, आमचं आलं तसं. हे चित्रकाराला आणि छापणाऱ्याला माहीत नसेल असं कसं म्हणू? प्रकाशकाला दोनदा लिहिलं. "बांधणी नेहमीच्या पद्धतीचीच आहे" असं उत्तर आलं. नेहमीचीच आहे, तीच तर तक्रार आहे.

तर ते अकरावं पान. गोष्ट अशी: पोस्टमन सायकलवरून चाललाय, खांद्याला पिशवी. पुढच्या चित्रात पत्र रस्त्यावर पडलेलं आणि कावळा त्याच्याकडे बघतोय. पत्र का पडलं हे पुस्तकात नाही, असंच आम्ही इतके दिवस समजत होतो. बाकीच्या पुस्तकांत मुलीचा "म्हणून" सहाव्या महिन्यापासून येत होता, "पाऊस आला म्हणून ती घरात गेली" वगैरे. या पुस्तकात मात्र "पत्र पडलं. असंच पडलं." पुढे तिने स्वतःच तोड काढली: "कावळ्याने हळूच चोचीने काढलं. त्याला कुणी पत्र पाठवत नाही ना." मला ते इतकं आवडलं की वहीत दोनदा लिहिलं.

पान सुटलं तेव्हा त्याची आतली कड आम्ही पहिल्यांदा पाहिली. बोटाच्या पेराएवढी डिंकाने पिवळी पडलेली पट्टी, आणि त्या पट्टीत पिशवीचा कोपरा. कोपऱ्याला भोक. भोकातून पांढरं टोक बाहेर आलेलं. चित्रकाराने कारण काढलं होतं! नऊ महिने ते डिंकात होतं.

मुलगी पान नाकाजवळ धरून बसली. मी दहा मोजले, पुन्हा दहा मोजले. मग ती म्हणाली, "आई, पिशवी आधीच फाटली होती, म्हणून पत्र पडलं." 'आधीच फाटली होती.' आत्ता पाहिलेली गोष्ट तिने मागे नेऊन, जिथे घडली तिथे ठेवली. असं वाक्य वहीत त्याआधी एकही नाही. मी म्हटलं, म्हणजे कावळ्याने नाही काढलं? तिला क्षणभर वाईट वाटलं असावं, मग मान हलवून म्हणाली, "काढलं ना. पण भोक होतं म्हणून त्याची चोच गेली. नाहीतर कशी जाईल?" तिचा एकटा कावळा तिने सोडला नाही आणि चित्रालाही खोटं पाडलं नाही.

त्या रात्री मी विचार करत बसले. कारण दिसत नव्हतं म्हणून तिने ते घडवलं, हे खरं आहे. पहिल्या दिवशीच भोक दिसलं असतं तर पत्र न येणारा कावळा जन्मालाच आला नसता. त्यामुळे घडीवरचा माझा राग थोडा उतरला. पूर्ण नाही उतरलेला. चित्रकाराने मुद्दाम रिकामी सोडलेली जागा मुलांसाठी असते, ती हवीच. डिंकाने खाल्लेली जागा वेगळी. नशिबाने आमच्याकडे त्यातून चांगलं निघालं म्हणून बांधणी चांगली ठरत नाही.

बाकीचं थोडक्यात. दोन पुस्तकांत शेवटी पालकांसाठी म्हणून "गोष्ट" छापलीय. ती मी कागद चिकटवून झाकली, कारण ती एकदा वाचल्यावर मीच मुलीला तिकडे ढकलायला लागले. मोबाइलवरचा प्रयोग फसला. एकेक पान सुटं दिसतं, आणि बोटाने सरकवायला इतकं सोपं की "तेवढ्यात" म्हणायला उसंतच नाही. धाकटा दोन वर्षांचा, त्याच्यासाठी जाड पुठ्ठ्याचीच पानं घ्या. आणि मजकुराची पुस्तकं बंद करू नका, आम्ही केली नाहीत. जे शब्द मुलांनी कधी ऐकलेच नाहीत ते चित्रातून आपोआप येत नाहीत, ते कुणीतरी वाचून किंवा बोलून द्यावे लागतात. आमच्याकडे ते काम आजीने केलं.

शेजारच्या मुलाच्या घरी दुसरी भाषा आहे. तो आणि आमची मुलगी एकाच पुस्तकावर डोकं घालून दोन भाषांत गोष्ट सांगतात आणि एकमेकांना बरोबर हसवतात. 2012 पासून इटलीतल्या लाम्पेदुसा बेटावर बालसाहित्याची आंतरराष्ट्रीय संस्था इब्बी (IBBY) अशीच मूक पुस्तकं पाठवते, बोटीने येणाऱ्या निर्वासित मुलांसाठी आणि तिथल्या मुलांसाठी. या दोघांकडे बघितलं की ते का हे कळतं.

घेणार असाल तर पुस्तक सपाट उघडतंय का बघा, घडीपाशी दाबून बघा, पाठीत दोरा किंवा पिन दिसते का बघा. नुसता डिंक असेल तर मी आता घेणार नाही.

पत्राचं पुस्तक काल मीच जाड दोऱ्याने शिवलं. ओबडधोबड झालंय पण सपाट उघडतं. अकरावं पान तेवढं सुटंच आहे. ते मुलीने शिवू दिलं नाही. गोष्ट तिथवर आली की ती पान बाहेर काढते, भोकावर बोट ठेवते, आणि आजीकडे बघून थांबते.